नाशिकमध्ये क्लॅम चाउडर: तिसऱ्या (शिंपल्या) मागवण्यापासून वाढण्यापर्यंत

समुद्रापासून दूर, घाटमाथ्यावरच्या शहरात राहून शिंपल्यांचे दुधातले दाट सूप, म्हणजे क्लॅम चाउडर, घरी नीट करता येईल का, हा प्रश्न मी नोव्हेंबर २०२४ मध्ये बोस्टनहून परतताना मनाशी घेतला आणि २ फेब्रुवारी २०२५ च्या रविवारी, गंगापूर रोडवरच्या आमच्या स्वयंपाकघरात, त्याचे समाधानकारक उत्तर मिळाले. मधला बराचसा काळ स्वयंपाकात नव्हे, तर चौकशीत, वाट पाहण्यात आणि तयारीत गेला. पाककृती कुठेही सापडते. नाशिकमध्ये जिवंत तिसऱ्या कशा मिळवायच्या, त्या कशा सांभाळायच्या आणि इथल्या दुधा-क्रीमवर हा पदार्थ कसा जमवायचा, हे मात्र कुणी एका जागी लिहिलेले मला आढळले नाही, म्हणून सगळे क्रमाने लिहीत आहे.

मुलीकडे बोस्टनला गेले असताना युनियन ऑयस्टर हाउस या १८२६ पासून चालू असलेल्या खाणावळीत मी हे सूप पहिल्यांदा खाल्ले. बाहेर थंडी होती, वाटी गरम होती आणि पहिल्या चमच्यालाच लक्षात आले, की दूध, बटाटा आणि लोणी यांची चव ओळखीची असली तरी त्यांच्या तळाशी असलेली खारट-गोड समुद्राची चव त्या तिन्हींपैकी कशाचीच नाही. ती शिंपले उघडताना सुटणाऱ्या पाण्याची आहे, हे मला नंतर कळले. आणि एकदा ते कळल्यावर पुढचे सगळे निर्णय त्या पाण्यावरूनच झाले.

चाउडरचे तिकडे अनेक प्रकार आहेत. न्यू इंग्लंडचे, म्हणजे बोस्टनकडचे, पांढरे, दूध-क्रीमचे. मॅनहॅटनचे लाल, टोमॅटोचे. आणि ऱ्होड आयलंडचे दूधही नाही आणि टोमॅटोही नाही असे निव्वळ पातळ रश्श्याचे. पांढऱ्याचे अभिमानी लोक टोमॅटोला इतके कडाडून विरोध करतात, की १९३९ मध्ये मेन राज्याच्या विधिमंडळात चाउडरमध्ये टोमॅटो घालण्याला मनाई करणारे विधेयक मांडले गेले होते. मला पांढरेच करायचे होते, पण ऱ्होड आयलंडचा प्रकार लक्षात ठेवल्याचा पुढे फार उपयोग झाला.

बोस्टनच्या मासळीच्या दुकानात आणखी एक गोष्ट पाहून ठेवली. शिंपल्यांच्या प्रत्येक पोत्याला एक चिठ्ठी बांधलेली असते. तिच्यावर माल कुणी, कोणत्या पाण्यातून आणि कोणत्या तारखेला काढला याची नोंद असते आणि पोते संपल्यावरही ती चिठ्ठी दुकानदाराला ९० दिवस जपून ठेवावी लागते. शिंपले पाणी गाळून त्यातले अन्न खातात, त्यामुळे पाणी दूषित असेल तर ते दूषण त्यांच्या मांसात साठते, आणि काही शैवालांची विषे शिजवल्यानेही नाहीशी होत नाहीत. आपल्याकडे अशी चिठ्ठी मिळत नाही. म्हणून माल कुठल्या खाडीचा आहे हे स्वतः विचारायचे, आणि शहराचे सांडपाणी जिथे मिसळते तिथला असेल तर घ्यायचा नाही, असे मी तेव्हाच ठरवले.

तिकडे चाउडरसाठी क्वाहॉग नावाचे जाड कवचाचे मोठे शिंपले वापरतात. ते इथे मिळणार नाहीत, पण आपल्या किनाऱ्यावरच्या तिसऱ्या, म्हणजे मेरेट्रिक्स, कॅटेलिसिया, पॅफिया या वंशांतील शिंपल्या, क्वाहॉगच्याच व्हेनेरिडी कुळातल्या आहेत. आकार लहान, कवच पातळ, मांस कोवळे. तरी चवीचे नाते जवळचे. हे समजल्यावर माझा मोठा संकोच दूर झाला. गोठवलेले, कवचाबाहेर काढलेले शिंपल्यांचे मांसही विकत मिळते आणि ते सोयीचेही आहे, परंतु त्यासोबत ते पाणी येत नाही, म्हणून मी तो मार्ग घेतला नाही.

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात जुन्या नाशकातल्या मासळी बाजारात चौकशीला गेले. तिथे सुरमई, पापलेट, बांगडा, कोळंबी आणि धरणातली गोड्या पाण्यातली मासळी होती, तिसऱ्या नव्हत्या. ज्या मावशींकडून आम्ही नेहमी मासे घेतो त्या म्हणाल्या, “ताई, तिसऱ्या इकडं रोज खपत नाहीत. आणि आता मार्गशीर्ष लागलाय, गिऱ्हाईकच कमी. संक्रांत होऊ द्या, मग मागवून देते.” त्यांची अट साधी होती: दोन किलोंच्या खाली मागणी घ्यायची नाही, निम्मे पैसे आधी द्यायचे, आणि माल आला त्याच सकाळी उचलायचा.

संक्रांतीनंतर पुन्हा गेले, तेव्हा त्यांनी अमावास्येपर्यंत थांबायला सांगितले. शिंपल्या ओहोटीच्या वेळी उघड्या पडणाऱ्या चिखल-वाळूतून हाताने उकरून काढतात. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमाराला उधाण असते, तेव्हा भरती जितकी वर चढते तितकीच ओहोटीही दूरवर मागे सरते आणि एरवी पाण्याखाली राहणारी जागा मोकळी होते. भांगाच्या, म्हणजे अष्टमीच्या सुमाराच्या, दिवसांत पाणी फारसे हलत नाही, त्यामुळे मालही कमी निघतो. पौष अमावास्या २९ जानेवारीला, बुधवारी होती. शनिवारी, १ फेब्रुवारीला, माघी गणेश जयंती असल्याने त्या दिवशी आमच्याकडे मासळी आणणे शक्य नव्हते. म्हणून रविवार, २ तारीख पक्की केली आणि अडीच किलोंसाठी ४०० रुपये आगाऊ दिले. भाव ३२० रुपये किलो ठरला. वाटेत काही शिंपल्या मरतातच, म्हणून लागणार असतील त्यापेक्षा अर्धा किलो जास्त सांगावे, हा मावशींचाच सल्ला, आणि तो अगदी योग्य ठरला.

वाट पाहण्याचे ते दिवस मी दुधाच्या सरावासाठी वापरले. शिंपल्यांवर इतका खर्च आणि खटाटोप झाल्यावर शेवटच्या क्षणी दूध फाटले तर सगळेच वाया जाईल, याची मला खरी धास्ती होती. तिकडे ‘हाफ अँड हाफ’ नावाचे जे दूध-क्रीमचे मिश्रण वापरतात त्यात स्निग्धांश १०.५ ते १८ टक्के असतो. आपल्याकडे फुल क्रीम दुधात तो किमान ६ टक्के असतो आणि अमूलच्या साध्या क्रीममध्ये २५ टक्के. अर्धा लिटर दुधात २०० मिलिलिटर क्रीम मिसळले, की हिशेबाने साधारण साडेअकरा टक्के होतात, म्हणजे नेमके हवे त्या पट्ट्यात. या मिश्रणावर मी आधी बटाट्याचे साधे सूप करून पाहिले. दूध फाटू नये म्हणून सांभाळायच्या गोष्टी थोड्याच आहेत: रश्श्यात आधी मैदा शिजलेला असावा, कारण पिठातील स्टार्चमुळे दुधातली प्रथिने लगेच एकत्र येऊन गुठळ्या धरत नाहीत, दूध फ्रिजमधून काढून थेट न ओतता वेगळे कोमट करून घ्यावे, त्यानंतर भांडे उकळू देऊ नये, आणि टोमॅटो, लिंबू असे काहीही आंबट जवळ येऊ देऊ नये. हे करून पाहिल्यावर मनावरचे ओझे पुष्कळ कमी झाले, आणि पहिल्यांदा करणाऱ्या प्रत्येकाने शिंपल्यांआधी ही तालीम करावी असे मी आवर्जून सांगेन.

बाकी सामानाचे नाशिककरांना फारसे अवघड नाही. सेलरीची जुडी कॉलेज रोडला ६० रुपयांना मिळाली. तिचे दोनच दांडे लागतात. वाळलेल्या थाइमची लहान बाटली ९० रुपयांना. तिकडच्या पाककृतीतले ‘बे लीफ’ म्हणजे आपले तमालपत्र नव्हे. त्यांच्या पानाला मधोमध एकच ठळक शीर असते, आपल्या पानाला लांबीच्या तीन शिरा असतात आणि वास दालचिनी-लवंगेकडे झुकतो. पूर्ण तमालपत्र घातले तर सूप मसालेभाताच्या वाटेने जाते, म्हणून मी अर्धेच पान घातले आणि दूध ओतण्याआधी काढून टाकले. कांद्याचा मात्र इथे थोडा विचार करावा लागतो. जानेवारी-फेब्रुवारीत आपल्या बाजारात लाल आणि रांगडा कांदा असतो, उन्हाळ कांदा अजून यायचा असतो. हा कांदा पाणीदार आणि रंगाने गडद असल्यामुळे पांढऱ्या सुपाला मळकट छटा येते. पांढरा कांदा मिळाला तर उत्तमच. मला तो मिळाला नाही, तेव्हा लाल कांद्याचे वरचे दोन पापुद्रे काढून आतला फिकट भाग वापरला. बटाटे निम्मे नवे आणि निम्मे जुने घेतले. नवे शिजूनही फोडींचा आकार धरून राहतात, जुने कडांनी विरघळून रस्सा दाट करतात.

मूळ पाककृतीत खारवलेल्या डुकराच्या मांसाची चरबी आधी वितळवून घेतात. आमच्या घरात ते चालत नाही, त्यामुळे मी लोणीच वापरले. धुरकट चव त्यामुळे कमी होते, हे खरे, पण शिंपल्यांची चव अधिक मोकळी लागते आणि मला ते आवडले.

रविवारी सकाळी सातला बाजारात पोहोचले. माल रायगडकडच्या खाडीचा, रात्री मुंबईहून कसारा घाटाने आलेला, ओल्या गोणपाटात. थंडीचे दिवस असल्याने प्रवास त्यांना सोसला होता. इथे घाई करू नये. प्रत्येक तिसरी घट्ट मिटलेली असावी. किंचित उघडी असेल तर बोटाने टिचकी मारावी, जिवंत असेल तर ती मिटते. मिटली नाही तर ती बाजूला काढावी. फुटक्या कवचाची घेऊ नये, आणि वास खाऱ्या वाऱ्यासारखा असावा, उग्र नव्हे. प्लॅस्टिकच्या पिशवीचे तोंड बांधून आणल्यास त्या गुदमरतात, म्हणून मी कापडी पिशवीत, ओल्या कापडात गुंडाळून आणल्या. उरलेले ४०० रुपये दिले.

सासूबाई माहेरच्या मालवणच्या. त्यांनी शिंपल्या परातीत ओतल्या, हात फिरवला आणि म्हणाल्या, “चांगल्या आहेत गं. पण ह्यातलं पाणी फेकायचं नाही हं, सगळी चव त्यातच असते.” एकशिपी करताना त्या विळीवर तिसरी उघडतात, मांस एका शिंपीवर ठेवतात आणि खाली वाडग्यात गळणारे पाणी कालवणात घालतात. बोस्टनच्या त्या सुपामुळे मला जे काही महिन्यांपूर्वी नव्याने उमगले होते, ते त्यांना लहानपणापासून ठाऊक होते. हे ऐकून मला फार धीर आला.

वाळू काढण्यासाठी शिंपल्या खाऱ्या पाण्यात ठेवाव्या लागतात. साध्या पाण्यात त्या मरतात. समुद्राच्या पाण्यात लिटरमागे साधारण ३५ ग्रॅम मीठ असते. मी आदल्या रात्री उकळून गार केलेल्या पाण्यात लिटरला ३० ग्रॅम जाडे मीठ विरघळवले. पसरट परातीत पुरणाची चाळण उपडी ठेवून तिच्यावर शिंपल्या एका थरात मांडल्या, म्हणजे त्यांनी टाकलेली वाळू खाली बसते आणि त्या ती पुन्हा ओढून घेत नाहीत. वर कापड टाकून अंधार केला. अर्ध्या तासाने कापड उचलून पाहिले तर जवळजवळ प्रत्येकीने आपली नळी बाहेर काढली होती. तीन तासांनी परातीच्या तळाशी करड्या वाळूचा थर दिसला. त्यानंतर त्या नळाखाली चोळून धुतल्या. दोन-तीन मुठी मेलेल्या निघाल्या त्या टाकल्या. लगेच करायच्या नसतील तर ओल्या कापडाखाली, उघड्या भांड्यात, फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवाव्यात; पाण्यात किंवा वितळणाऱ्या बर्फात नाही.

आता एक अडचण उरली होती आणि ती स्वयंपाकाची नव्हती. आयुर्वेदात दूध आणि मासे हा विरुद्ध आहार मानलेला आहे आणि सासूबाई तो नियम आयुष्यभर पाळत आल्या आहेत. त्या म्हणाल्या, “तुम्ही खा, मी काही म्हणणार नाही. मला मात्र दुधातलं देऊ नकोस.” त्यांचा नियम मोडायला लावणे मला मान्य नव्हते आणि ज्यांच्यामुळे शिंपल्या नीट साफ झाल्या त्यांना पंगतीबाहेर ठेवणे त्याहून अमान्य होते. इथे ऱ्होड आयलंडचे बिनदुधाचे चाउडर कामाला आले. त्यांचा वाटा दूध आणि पीठ पडण्याआधीच वेगळा काढायचे ठरले.

दुपारी बाराच्या सुमारास चूल पेटवली. जाड बुडाच्या रुंद पातेल्यात दीड वाटी पाणी उकळून शिंपल्या घातल्या आणि घट्ट झाकण ठेवले. चौथ्या-पाचव्या मिनिटाला त्या उघडू लागतात. ज्या पूर्ण उघडतील त्यांना आणखी तीन-चार मिनिटे वाफ मिळू द्यावी. शेवटपर्यंत मिटलेल्या राहतील त्या उघडण्याचा हट्ट न धरता टाकाव्यात. मांस काढून झाकून ठेवले. ते सुमारे ३०० ग्रॅम भरले. पातेल्यातले पाणी दुहेरी मलमलच्या कापडातून गाळले आणि तळाचे चार चमचे तसेच सोडून दिले, कारण बारीक वाळू तिथेच असते. हाती आले ते तीन वाट्या, दुधाळ करड्या रंगाचे पाणी. एक चमचा चाखून पाहिले. बोस्टनच्या त्या वाटीच्या तळाशी असलेली चव तीच होती, आणि त्या क्षणी मला खात्री पटली की आता हे जमणार.

मग ४० ग्रॅम लोणी मंद आचेवर वितळवून दोन कांदे आणि सेलरी बारीक चिरून घातली आणि रंग न बदलता मऊ होऊ दिली. याला दहा मिनिटे लागतात आणि ती द्यावीत. अर्धा किलो बटाट्यांच्या बोराएवढ्या फोडी, अर्धे तमालपत्र, चिमूट थाइम आणि गाळलेले शिंपल्यांचे पाणी घालून झाकण ठेवले. बटाटे दुधात न शिजवता या पाण्यातच शिजवावेत, म्हणजे चव फोडींच्या आतपर्यंत जाते. बटाटे शिजल्यावर सासूबाईंचा वाटा काढला, त्यात त्यांच्या वाटणीचे शिंपले आणि थोडी मिरपूड घातली.

उरलेल्यात मैदा घालायचा होता. नेहमीच्या पद्धतीत तो कांद्याबरोबरच लोण्यात परततात, परंतु बिनपिठाचा वाटा काढायचा असल्याने मी वेगळ्या कढल्यात दोन मोठे चमचे लोणी आणि तितकाच मैदा कच्चा वास जाईपर्यंत परतला, त्यात त्याच रश्श्याचे दोन-तीन डाव घालून गुठळ्या मोडल्या आणि मग ते सगळ्यात मिसळून पाच मिनिटे उकळले. तमालपत्र काढले, आच अगदी बारीक केली आणि कोमट केलेले दूध-क्रीम धारेने ओतले. कडेला बारीक बुडबुडे येऊ लागले की तेवढे पुरे. तिसऱ्यांचे मांस अखेरीस घातले आणि गॅस बंद केला. क्वाहॉगसारखे ते चिरावे लागत नाही, पण जास्त शिजले तर रबरासारखे होते. मीठ मी घातलेच नाही. शिंपल्यांच्या पाण्यातले मीठ पुरेसे असते, म्हणून चाखल्याशिवाय मिठाच्या डब्याला हात लावू नये.

झाकून अर्धा तास मुरू दिले. तिकडे सोबत लहान खारी बिस्किटे देतात. जहाजावरच्या कडक बिस्किटांचा चुरा घालून चाउडर दाट करण्याची जुनी रीत होती, तिचा तो अवशेष. मी साधी खारी बिस्किटे हाताने मोडून वर घातली. सगळ्यांनी दुसऱ्यांदा वाढून घेतले. सासूबाईंनी आपली वाटी संपवून सांगितले, की याला फक्त नारळाचा रस हवा होता, आणि ते ऐकून मला मनापासून आनंद झाला, कारण त्यांना पाण्याची चव ओळखू आली होती. पुढच्या वेळी त्यांच्या वाट्यात दूध-क्रीमऐवजी नारळाचे दाट दूध घालणार आहे.

सहा जणांचा एकूण खर्च सुमारे १,२०० रुपये झाला, त्यातले ८०० तिसऱ्यांचेच. कवचासहित एक किलोतून दीडशे ग्रॅमच्या आसपासच मांस निघते, हे आधी ठाऊक असले की भाव ऐकून दचकायला होत नाही. ज्यांना करायचे आहे त्यांनी थंडीतच करावे; उन्हाळ्यात घाटातून माल जिवंत येणे कठीण आणि पावसाळ्यात खाड्यांत गोडे पाणी आणि जमिनीवरची घाण वाहून येते, म्हणून तेव्हा शिंपल्या टाळाव्यात. घरात कुणी पहिल्यांदाच शिंपले खाणार असेल तर आधी एक-दोनच द्यावेत, कारण काहींना त्यांची तीव्र ॲलर्जी असते.

उरलेले चाउडर फ्रिजमध्ये दोन दिवस चांगले राहते आणि दुसऱ्या दिवशी अधिक मुरलेले लागते, मात्र ते मंद आचेवर ढवळतच गरम करावे. गोठवायचे असेल तर दूध, बटाटे काहीही न घालता नुसते गाळलेले शिंपल्यांचे पाणी गोठवावे. गोठवलेले क्रीम फुटते आणि बटाटा भुसभुशीत होतो. आमच्या फ्रीझरमध्ये त्या पाण्याची एक वाटी ठेवली होती, ती पुढच्या आठवड्यात भातासोबतच्या कालवणात गेली.